पंचवटीतली हाक

(स्मृतिव्याख्यानाचा संपादित पाठ)



लहानपणी घरी पाहुणे आले की त्यांना पंचवटी दाखवून आणायचं काम माझ्याकडे असे. काळाराम, मग सीतागुंफा, मग रामकुंड. गुंफेच्या त्या अरुंद पायऱ्या वाकून उतरताना पाहुणे घाबरत आणि मला गंमत वाटे. मला भीती वाटायची ती वेगळ्याच गोष्टीची. आजी सोन्याच्या हरणाची गोष्ट सांगे, तेव्हा रावणापेक्षा मी त्या हाकेला घाबरत असे. बाण लागलेला मारीच मरता मरता रामाच्या आवाजात सीतेला आणि लक्ष्मणाला हाक मारतो. आवाज रामाचा आणि हाक मारणारा राम नाही, हे माझ्या लहानग्या डोक्याला सहन होत नसे. मग कुणाच्याही आवाजावर विश्वास कसा ठेवायचा, असं मी आजीला विचारत असे. निफाडकडच्या नांदूरमधमेश्वराला मृगव्याधेश्वराचं देऊळ आहे आणि तिथेच रामानं मारीचाला मारलं असं लोक सांगतात. तिथून पंचवटीपर्यंत हाक कशी ऐकू आली, हाही माझा एक प्रश्न होता. आजीकडे दोन्हींची उत्तरं नव्हती.

पहिल्या प्रश्नाचं उत्तर शोधण्यात माझं कामाचं सगळं आयुष्य गेलं. ज्यांना न मारलेल्या हाका ऐकू येतात आणि ज्यांचा जवळच्या माणसावरचा विश्वास उडालेला असतो, अशा माणसांशी बोलणं हा माझा व्यवसाय आहे. गेली सव्वीस वर्षं मी नाशिकमध्ये मानसशास्त्रज्ञ म्हणून तेच करते आहे.

त्या प्रसंगाकडे आज जरा थांबून पाहू. आवाज खराच होता. तो दोघांनी ऐकला. सीतेनं त्यात संकटातला राम ऐकला, लक्ष्मणानं राक्षसाची माया ऐकली. कान दोघांचे चांगले होते, मग फरक कुठून आला? वाल्मीकींचा लक्ष्मण हरिण दिसलं तेव्हाच म्हणाला होता की हा मारीच असणार. त्याच्या मनात संशय आधीच तयार होता. सीतेच्या मनात काळजी तयार होती. आवाज येऊन पडला तो या आधीपासून मांडून ठेवलेल्या पाटांवर. पण मला जास्त महत्त्वाचं वाटतं ते पुढचं. लक्ष्मण जागचा हलत नाही. का हलत नाही, याचं कारण सीतेच्या मनाला हवं आहे, आणि ते तिला सापडतं: याचा हेतूच वाईट आहे. वनवासातली इतक्या वर्षांची सेवा एका क्षणात नव्यानं वाचली जाते. रात्ररात्र पहारा दिला तो का, सोबत आला तो का, सगळ्याला नवा अर्थ लागतो. हाकेपासून सुरू होऊन आपल्याच माणसावरच्या संशयाशी येऊन थांबणारी ही वाट मी सिडकोतल्या दोन खोल्यांच्या घरांत पाहिली आहे, गंगापूर रोडवरच्या बंगल्यांत पाहिली आहे, निफाड-दिंडोरीच्या मळ्यांत पाहिली आहे.

सीतेला मी आजारी म्हणत नाही. तिच्या जागी तुम्ही-मी असतो तर आपलं मनही याच पायऱ्या उतरलं असतं. माझं आजचं म्हणणं त्यातच आहे. भास आणि भ्रम होतात तेव्हा माणसाची बुद्धी बंद पडलेली नसते. जाणण्याची तीच रोजची यंत्रणा चालू असते. अंदाज बांधणं, हे माझं आणि हे परकं अशी वाटणी करणं, कारण शोधणं, निष्कर्ष काढणं ही सगळी कामं चालूच असतात, फक्त त्यांची वजनं बदललेली असतात. ‘डोक्यावर परिणाम झालाय’ असं म्हणून आपण त्या माणसाशी बोलणं बंद करतो, तेव्हा ज्या यंत्रणेच्या आधारानं तो परत येऊ शकला असता तिच्याकडेच आपण पाठ फिरवतो.

दोन शब्द आधी स्पष्ट करते. बाहेर काही नसताना दिसणं, ऐकू येणं, वास येणं, स्पर्श जाणवणं म्हणजे भास. पुरावा विरोधात असूनही आणि भोवतालचे लोक मानत नसतानाही घट्ट धरून ठेवलेली समजूत म्हणजे भ्रम. अंधारात दोरी साप वाटली तर तो यांतला कुठलाच नाही, कारण तिथे दोरी तरी असते. ज्यांच्या स्मरणासाठी आपण जमलो आहोत ते सर आम्हाला तर्कशास्त्र शिकवत आणि त्या दोरीवर त्यांनी आमचे तीन तास खर्च केले होते. त्या तीन तासांचं ऋण मी आज थोडं फेडणार आहे.

आता ऐकण्याकडे येऊ. बाळ आत झोपलंय, आई न्हाणीघरात आहे, पाणी पडतंय आणि मधेच तिला बाळाचं रडणं ऐकू येतं. ती धावत येते तर बाळ गाढ झोपलेलं. इथे बसलेल्या बहुतेक आयांना हा अनुभव असेल. खिशातला मोबाइल थरथरल्यासारखा वाटतो आणि बघावं तर कुणाचाच फोन नसतो, हा अनुभव तर सर्वांनाच आहे. हर्मान फॉन हेल्महोल्ट्झ या जर्मन शास्त्रज्ञानं एकोणिसाव्या शतकातच सांगितलं होतं की पाहणं-ऐकणं हे नकळत केलेलं अनुमान असतं. कानावर येतात ते तुकडे. मेंदू आधीच्या अनुभवावरून ‘हे अमुक असणार’ असा अंदाज पुढे धरतो आणि तुकडे त्याच्याशी ताडून बघतो. अंदाज जितका जोरदार, तितका कमी पुरावा त्याला पुरतो. आईचा अंदाज जोरदारच असायला हवा. दहा वेळा उगाच धावली तरी चालेल, अकराव्या वेळी खरं रडणं सुटता कामा नये.

हे नुसतं म्हणणं नाही. १९४१ मध्ये एल्सन नावाच्या अमेरिकन संशोधकानं दिवा लागला की सूर वाजतो अशी सवय लोकांना लावली. मग सूर बंद करून नुसताच दिवा लावला, तरी बहुतेकांना सूर ऐकू आला. २००१ मध्ये नेदरलँड्समध्ये ४४ विद्यार्थ्यांना सांगितलं गेलं की खरखरीच्या आवाजामागे एक ओळखीचं नाताळगीत वाजत असेल, ऐकू आलं की बटण दाबा. गाणं वाजवलंच नव्हतं. तरी १४ जणांनी बटण दाबलं. हे सगळे निरोगी विद्यार्थी होते. २०१७ मध्ये येल विद्यापीठातल्या मंडळींनी एल्सनचाच प्रयोग मेंदूच्या प्रतिमा घेत पुन्हा केला आणि त्यात रोज आवाज ऐकणाऱ्या माणसांनाही घेतलं. न वाजलेला सूर त्यांना इतरांपेक्षा कितीतरी जास्त वेळा ऐकू आला. आधीच्या अंदाजाचं वजन त्यांच्याकडे जास्त पडत होतं. त्यांतल्या आजारी माणसांना एक गोष्ट आणखी जड गेली. सूर आता वाजत नाही, हे लक्षात घेऊन अंदाज बदलणं त्यांना जमत नव्हतं.

अर्थात नुसत्या अंदाजानं सगळं उलगडत नाही. माझ्याकडे येणारी माणसं सूर ऐकत नाहीत. ती बोलणं ऐकतात. ‘बघ, उठला.’ ‘आता चहा पिणार.’ ‘याला काही येत नाही.’ हे कोण बोलतं?

या प्रश्नावर मला थोडं रेंगाळायचं आहे, कारण इथे मला सर भेटतात.

आपण सगळे दिवसभर मनात बोलत असतो. भाजी काय करायची, साहेबांना काय उत्तर द्यायचं, काल तसं बोलायला नको होतं. हे बोलणं आपलंच आहे हे आपल्याला कुणी सांगावं लागत नाही. पण ते आपल्याला कळतं कसं? स्वतःला गुदगुल्या करून पाहा. होत नाहीत. हात हलवण्याचा हुकूम सोडतानाच मेंदू त्याची एक प्रत संवेदनेच्या खात्याकडे पाठवतो: येणारा स्पर्श आपलाच आहे, फार लक्ष देऊ नका. मनातल्या बोलण्याचंही असंच होत असावं, असा विचार लंडनच्या ख्रिस फ्रिथ यांनी मांडला. ‘हे माझं’ असा शिक्का प्रत्येक विचारावर निघतानाच उमटतो. तो उमटायचा राहिला, तर स्वतःचंच वाक्य दारात परक्यासारखं उभं राहतं. २००० मध्ये फ्रिथ आणि त्यांच्या सहकारी सारा-जेन ब्लेकमोर यांनी दाखवलं की ज्यांना आवाज ऐकू येतात किंवा आपल्याला कुणी दुसराच हलवतोय असं वाटतं, अशा रुग्णांना स्वतः केलेल्या गुदगुल्या दुसऱ्यानं केल्यासारख्याच जाणवतात.

त्याच्या कितीतरी आधी, १९४९ मध्ये, लुई गूल्ड नावाच्या डॉक्टरांनी एका बाईंच्या घशाजवळचा अगदी बारीक आवाज यंत्रानं मोठा करून ऐकला होता. त्या बाईंना आवाज ऐकू येत. यंत्रातून कुजबूज ऐकू आली आणि ती त्या सांगत असलेल्या आवाजांच्या बोलण्याशी जुळली. ज्या शब्दांनी त्यांचा छळ चालला होता, ते त्यांच्याच घशातून निघत होते. १९९३ मध्ये लंडनमध्ये मेंदूच्या प्रतिमा घेतल्या तेव्हा आवाज ऐकू येत असताना जो भाग जास्त जागा दिसला तो बोलणं तयार करणारा होता. म्हणजे आपण ज्याला ‘ऐकणं’ म्हणतो ते तिथे निदान काही अंशी ‘बोलणं’ असतं.

आता सरांचा तास. शिंपल्यावर चांदी दिसते, तेव्हा नेमकं काय चुकतं? नैयायिक म्हणतात, एका वस्तूच्या जागी दुसरी दिसली, ही अन्यथाख्याती. साधारण सातव्या शतकातल्या प्रभाकर मीमांसकाला हे मान्य नाही. तो म्हणतो, चुकीचं असं काही दिसलेलंच नाही. ‘हे’ असं जे वाटलं ते प्रत्यक्ष आहे आणि खरं आहे. ‘चांदी’ ही आठवण आहे आणि आठवण म्हणून तीही खरी आहे. चूक एकच झाली. पाहणं कुठे संपलं आणि आठवणं कुठे सुरू झालं, हा भेद लक्षात आला नाही. ही अख्याती, म्हणजे भेदाचं न कळणं.

सर हे सांगत तेव्हा आम्हाला हा शब्दांचा कीस वाटे. पुढे पदव्युत्तर अभ्यासात मी मार्सिया जॉन्सन या अमेरिकन मानसशास्त्रज्ञ बाईंचं १९८१ चं लिखाण वाचलं. बाहेरून आलेलं आणि मनात घडलेलं यांतला फरक मेंदू कोणत्या खुणांवरून ओळखतो, आणि त्या खुणा पुसट झाल्या की काय होतं, हा त्यांचा विषय. वाचता वाचता मी उठून उभी राहिले. सुट्टीत नाशिकला आले ती थेट सरांच्या घरी गेले. सर झोपाळ्यावर बसले होते. सगळं ऐकून घेतल्यावर ते म्हणाले, ‘‘बरं झालं, बाईंनी प्रयोग केले. प्रभाकराला करता आले नसते.’’ आणि मग बराच वेळ गप्प राहून त्यांनी विचारलं, ‘‘पण ज्याला भेद कळत नाही, त्याला तो शिकवता येतो का?’’ त्या दिवशी माझ्याकडे उत्तर नव्हतं.

हाकेकडून संशयाकडे जाऊ. निफाड तालुक्यातल्या एका द्राक्ष बागायतदाराचा मुलगा माझ्याकडे येत असे. ओळख पटू नये म्हणून तपशील बदलले आहेत, पण मुद्दा बदललेला नाही. ऑक्टोबरच्या छाटणीनंतर फवारण्यांचा हंगाम सुरू झाला की ट्रॅक्टरवरच्या ब्लोअरच्या घरघरीत त्याला बोलणी ऐकू येत. ब्लोअर बंद झाला की बोलणी थांबत. घरघर हा कच्चा माल होता, त्यात शब्द घालायचं काम मेंदू करत होता. मग त्यानं आपल्यासारखाच प्रश्न विचारला: हे येतंय कुठून? हुशार मुलगा होता. डिप्लोमा झालेला, मोटर स्वतः उघडून दुरुस्त करणारा. त्यानं ब्लोअर सुटा करून पाहिला. काही सापडलं नाही. मग बांधावरून चुलत्याशी चाललेलं भांडण आठवलं. चुलत्यानं त्याच वर्षी मळ्यात सीसीटीव्ही लावला होता. भावकीनं काहीतरी बसवलं आहे, या निष्कर्षापर्यंत तो तीन आठवड्यांत पोचला. पुढे आई जेवायला वाढताना एकदा चुलत्याच्या घराकडे बघताना दिसली आणि आईसुद्धा त्यांना मिळाली.

ब्रेंडन माहर नावाच्या मानसशास्त्रज्ञानं १९७४ मध्ये असं मांडलं की भ्रम ही विचित्र अनुभवाला दिलेली रीतसर कारणमीमांसा असते. हा मुलगा मला नेहमी त्याचा साक्षीदार वाटतो. त्याचा अनुभव विचित्र होता, त्याची शोधाची पद्धत आपलीच होती. भ्रमात काय येतं तेही आपल्याच घरातून येतं. बांध, भावकी, करणी, मोबाइल. एका पिढीच्या भ्रमांत रेडिओ येई, आता कॅमेरा येतो.

पण माहर यांचं म्हणणं पुरं पडत नाही, असं माझं मत आहे. विचित्र अनुभव अनेकांना येतो. त्यातले बरेच जण ‘काहीतरी झालं असेल’ म्हणून पुढे जातात. याला पुढे का जाता आलं नाही? दोन गोष्टी सांगते.

पहिली रसायनाची. शितिज कपूर हे दिल्लीच्या एम्समध्ये शिकलेले मानसोपचारतज्ज्ञ. त्यांनी २००३ मध्ये मांडलं की डोपामिन हे द्रव्य ‘इकडे लक्ष दे, यात तुझ्यासाठी काहीतरी आहे’ अशी खूण करतं. ते अवेळी सुटू लागलं की साध्या गोष्टींवर महत्त्वाची मोहोर बसते. शेजारच्याचं खोकणं, गाडीचा नंबर, आईची नजर, सगळंच आपल्याला उद्देशून आहे असं वाटू लागतं. त्या मुलानं मला अगदी हेच सांगितलं होतं: ‘‘मॅडम, सगळं माझ्याकडेच बघायला लागलं होतं, झाडं पण.’’

दुसरी गोष्ट निष्कर्षाच्या घाईची. १९८८ मध्ये लंडनमध्ये एक प्रयोग झाला. दोन बरण्या. एकीत एका रंगाचे ८५ मणी आणि दुसऱ्या रंगाचे १५, दुसरीत उलट. एकाच बरणीतून एकेक मणी काढून दाखवायचा. कोणती बरणी आहे याची खात्री झाली की सांगायचं. आपल्याकडे मणी म्हटलं की द्राक्षाचा मणी, म्हणून मी हा खेळ हिरव्या आणि काळ्या द्राक्षांवर खेळते. एका क्रेटमध्ये हिरवी जास्त, दुसऱ्यात काळी जास्त. साधारण माणूस चार-पाच मणी बघितल्याशिवाय बोलत नाही. भ्रम असणारी बरीच माणसं दोन-तीन मण्यांत सांगून मोकळी होतात, काही तर एकातच. त्यांचं गणित कच्चं नसतं. त्यांना तेवढा पुरावा पुरेसा वाटतो. सगळेच असे घाई करतात असं नाही, आणि घाई करणारे निरोगी लोकही मी पुष्कळ पाहिले आहेत. पण ज्याच्या आयुष्यात झाडंसुद्धा बोट दाखवू लागली आहेत, त्याला ही घाई फार महागात पडते.

इथे औषधांबद्दल बोलले नाही तर अर्धंच सांगितल्यासारखं होईल. मी स्वतः औषधं लिहून देत नाही. ते काम मानसोपचारतज्ज्ञांचं. पण त्या मुलाशी बोलणं शक्य झालं ते गोळ्या सुरू झाल्यावर, सहाव्या-सातव्या आठवड्यात. डोपामिनच्या खुणा शांत झाल्याशिवाय विचाराला बसायला जागाच मिळत नाही. या औषधांच्या इतिहासात आपल्या सर्पगंधेचं मूळही आहे. गणनाथ सेन आणि कार्तिकचंद्र बोस यांनी १९३१ मध्येच उन्मादावरचा आणि रक्तदाबावरचा तिचा उपयोग लिहून ठेवला होता. मुंबईच्या डॉ. रुस्तम वकील यांनी १९४९ मध्ये रक्तदाबासाठी ती जगापुढे नेली. पॅरिसमध्ये उन्मादावर क्लोरप्रोमाझिन हे औषध वापरलं गेलं ते १९५२ साली.

आता आपल्या मातीतला प्रश्न. चैत्रात सप्तशृंगीच्या गडावर बायांच्या अंगात येतं. तेही ‘दुसरा कुणी बोलतो’ असंच असतं. मग तो आजार आहे का? माझं उत्तर स्पष्ट आहे. ज्याला वेळ आहे, जागा आहे, सुरुवात आणि शेवट आहे, ज्याचा अर्थ भोवतालच्या सगळ्यांना ठाऊक आहे आणि ज्याच्यानंतर ती बाई घरी जाऊन भाकऱ्या थापते, त्याला मी आजार म्हणणार नाही. ज्याला वेळकाळ नाही, जे झोप खातं, जेवण खातं, कामावर जाऊ देत नाही आणि माणसाला एकटं पाडतं, त्याला मदत हवी.

समाज आवाजांना काय शिकवतो, हेही पाहण्यासारखं आहे. तान्या लुर्मन या मानववंशशास्त्रज्ञ बाईंनी कॅलिफोर्निया, घानातलं अक्रा आणि आपलं चेन्नई इथल्या प्रत्येकी २० रुग्णांशी त्यांच्या आवाजांबद्दल सविस्तर बोलून घेतलं. कॅलिफोर्नियात आवाज अनोळखी होते, हिंसेचं बोलणारे होते. चेन्नईत अनेकांना नात्यातल्या माणसांचे आवाज येत. ते रागवत, पण आंघोळ कर, भांडी घास, असंही सांगत. हे वाचलं तेव्हा मला सिन्नरची माझी मावशी आठवली. तिला मेलेल्या सासूचा आवाज येई. सासू तिला शिव्या देई आणि दूध उतू जातंय म्हणून हाकही मारी. माणूस ज्या नात्यांत वाढतो, तीच नाती त्याच्या आवाजांत उतरतात.

त्या मावशीला आमच्याच घरच्यांनी एका देवऋषाकडे नेलं होतं. ‘बाहेरचं झालंय’ म्हणून. तिच्या मनगटावरचे दोराचे वळ मी पाहिले आहेत. मी तेव्हा नऊ वर्षांची होते आणि माझ्या आई-मामांनी हे प्रेमानं केलं होतं, दुसरं काही सुचत नव्हतं म्हणून. हे मी रागानं सांगत नाही. पण तमिळनाडूत एरवाडीला ६ ऑगस्ट २००१ च्या पहाटे मनोरुग्णांना ठेवलेल्या झोपड्यांना आग लागली आणि साखळीनं बांधलेली २८ माणसं पळता न आल्यामुळे जळून गेली, तेव्हा मला ते वळच दिसले. आज भूत उतरवण्याच्या नावाखाली दोरानं-साखळीनं बांधणं, मारहाण करणं महाराष्ट्राच्या २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्यानं गुन्हा आहे. २०१७ च्या मानसिक आरोग्य कायद्यानंही साखळीला पूर्ण बंदी घातली. तरी पेठ-सुरगाण्यापासून शहरातल्या सोसायट्यांपर्यंत मला दार बाहेरून कडी लावलेल्या खोल्या अजून दिसतात. ज्याच्या डोक्यात आधीच ‘सगळे माझ्याविरुद्ध आहेत’ हे आहे, त्याला कडी लावून आपण त्याच्या हाती सगळ्यात मोठा पुरावा देतो.

मग घरच्यांनी करायचं काय? हा प्रश्न इथे बसलेल्यांपैकी काहींचा स्वतःचा आहे, हे मला ठाऊक आहे. तुमच्यासाठी धुळ्याच्या एका माणसाचं नाव घेते. डॉ. जगन्नाथ वाणी. कॅनडात कॅलगरी विद्यापीठात प्राध्यापक होते. पत्नीला स्किझोफ्रेनिया झाला. एवढ्या शिकलेल्या, सांख्यिकी शिकवणाऱ्या माणसालाही घरात काय चाललंय हे समजून घ्यायला वेळ लागला. पण जे समजलं ते त्यांनी स्वतःपुरतं ठेवलं नाही. पुण्यातल्या स्किझोफ्रेनिया अवेअरनेस असोसिएशनमागे ते उभे राहिले. घरच्या माणसांना एकमेकांशी बोलता यावं हा त्या कामाचा गाभा होता. सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर यांचा २००४ चा ‘देवराई’ हा चित्रपट घडला त्यातही वाणींचा मोठा वाटा होता. अतुल कुलकर्णींचा शेष ज्यांनी पाहिला आहे त्यांना आठवेल, त्याच्या बोलण्याला त्याचं स्वतःचं तर्कशास्त्र आहे. तो चित्रपट पाहून आलेली एक आई मला म्हणाली होती, ‘‘माझा मुलगा मूर्खासारखं बोलतो असं मला आजवर वाटत होतं. तो घाबरून बोलतो हे आज कळलं.’’

घरच्यांना मी सांगते ते एवढंच: वाद घालू नका आणि होकारही भरू नका. ‘असं काही नाहीये’ म्हटलंत की तुम्हीही त्यांना सामील. ‘हो, आहे खरं’ म्हटलंत की भिंत आणखी पक्की. ‘मला ऐकू येत नाही, पण तुला येतंय हे मी मानते. काय म्हणतात ते?’ इथून सुरुवात करा. आणि त्या वेळी त्याला काय वाटतंय ते विचारा. भीती खरी असते, तिला उत्तर देता येतं. वेळी-अवेळी कुणाशी बोलावंसं वाटलं तर १४४१६ हा टेलिमानस या मदतवाहिनीचा फोन आहे.

दवाखान्यात आम्ही हेच जरा पुढे नेतो. १९५२ मध्ये ॲरन बेक या अमेरिकन डॉक्टरांनी एका रुग्णाची हकीकत लिहिली. सरकारी गुप्तचर आपल्या मागावर आहेत, अशी त्या रुग्णाची खात्री होती. बेकनी त्याला खोटं ठरवलं नाही. प्रत्येक संशयिताकडे नीट बघायला सांगितलं. हा कशावरून? बघता बघता संशयितांची संख्या उतरत गेली. आज जगभर भ्रमावर जी संवादाची उपचारपद्धती वापरतात तिचं मूळ तिथे आहे. तिचा परिणाम माफक असतो, औषधांसोबतच होतो आणि सगळ्यांना होत नाही. पण सरांच्या त्या प्रश्नाला माझ्याकडे असलेलं उत्तर हेच आहे. भेद शिकवता येत नाही, तपासून बघायची सवय मात्र लावता येते.

शेवटी निफाडच्या मुलाकडे येते. गोळ्या चालू होत्या, आवाज कमी झाले होते, पण फवारणीच्या दिवशी येतच होते. आवाज येत असताना तोंड उघडं ठेवायला सांगितलं, तर १८ पैकी १४ रुग्णांचे आवाज थांबले असा एक प्रयोग १९८७ मध्ये अमेरिकेत झाला होता. नंतरच्या अभ्यासात तोंड उघडून तेवढा फरक पडला नाही, गुणगुणण्यानं मात्र पडला. बोलण्याचे स्नायू दुसऱ्या कामाला लावले की आतली कुजबूज अडते, असा त्यामागचा विचार. यातलं काहीच मी त्याला सांगितलं नाही. घरात रोज संध्याकाळी हरिपाठ होतो हे मला माहीत होतं. ब्लोअर चालू असताना तो म्हणत जा, आणि काय होतं ते वहीत लिही, एवढंच सांगितलं.

दोन आठवड्यांनी तो वही घेऊन आला. तारखा, वेळा, कोणतं औषध मारलं, किती अभंग झाले, सगळं मांडलेलं. मग म्हणाला, ‘‘मॅडम, हरिपाठ सुरू केला की ते गप्प बसतात. आता यात दोन गोष्टी असू शकतात. एक तर त्यांना हरिपाठ आवडतो. नाहीतर माझं तोंड मोकळं नसतं म्हणून त्यांना बोलता येत नाही.’’

मी विचारलं, ‘‘कोणती खरी, हे कसं ठरवायचं?’’

त्यानं थोडा वेळ वहीकडे बघितलं. ‘‘पुढच्या फवारणीला पाढे म्हणून बघतो,’’ तो म्हणाला. ‘‘पाढे तर कुणालाच आवडत नाहीत.’’